रिओचं १.९७ आणि रूथ बेइतिया

उंच उडी बघणाऱ्यांना विचारलं ना की आवडती कोण, तर हल्ली सगळे युक्रेनची माहुचिख म्हणतात, जरा जुने असतील तर क्रोएशियाची व्लाशिच. बरोबरच आहे, एकीचा २.१० मीटरचा वर्ल्ड रेकॉर्ड, दुसरीने २.०८ मारलेलं. माझी मात्र रूथ बेइतिया. स्पेनच्या सांतांदेरची, बेस्ट २.०२ आणि तेही २००७ मधलं, म्हणजे नुसते आकडे बघायला गेलात तर लिस्टमध्ये बरंच खाली यावं लागेल.

२०१२ च्या लंडन ऑलिम्पिकला ती ३३ वर्षांची होती, फायनलमध्ये २.०० क्लिअर केलं आणि चौथी आली. (याच स्पर्धेत आपली सहाना कुमारीही होती बरं का, त्याच वर्षी १.९२ चा नॅशनल रेकॉर्ड करून गेलेली, पण क्वालिफाइंगला १.८० च्या पुढे काही जमलं नाही.) ऑलिम्पिकमधला चौथा नंबर काय असतो हे आपल्याला कुणी सांगायला नको, मिल्खासिंग आणि पी. टी. उषा ही दोन नावं घेतली की पुरे. बेइतियानेही मग बास म्हणून रिटायरमेंट जाहीर करून टाकली.

आणि टिकली किती, तर जेमतेम काही आठवडे! सवय सुटेना, परत ट्रॅकवर जायला लागली, कोचही तेच रामोन तोरालबो, जे तिला लहानपणापासून शिकवत होते. २०१३ ला युरोपियन इनडोअर गोल्ड, त्याच वर्षी मॉस्कोच्या वर्ल्ड चॅम्पियनशिपमध्ये मेडल, २०१४ ला झ्युरिक आणि २०१६ ला ॲम्स्टरडॅमला युरोपियन गोल्ड, हेलसिंकीचं २०१२ चं धरलं तर सलग तिसरं. आणि हे सगळं चालू असताना बाई कांताब्रियाच्या प्रादेशिक संसदेत सदस्य, म्हणजे आपल्या भाषेत आमदारच की. आपल्याकडचा कुठला आमदार १.९७ उडी मारेल ते डोळ्यासमोर आणून बघा एकदा.

आता रिओ ऑलिम्पिक. २० ऑगस्ट २०१६, वय ३७. या फायनलबद्दल लोक जरा नाक मुरडतात आणि त्यांचं अगदीच चूक आहे असंही नाही, कारण गोल्ड गेलं १.९७ वर. म्हणजे लंडनला २.०० मारून हात हलवत परत आलेली बाई चार वर्षांनी तीन सेंटीमीटर कमी मारून ऑलिम्पिक चॅम्पियन झाली. त्यात भर म्हणजे आठवडाभर आधी तिथेच हेप्टॅथलॉनमध्ये नफिसातू थियाम आणि कॅटरिना जॉन्सन-थॉम्पसन दोघींनी १.९८ मारलं होतं, सात इव्हेंटमधला एक इव्हेंट म्हणून! आणि रशियाच्या ॲथलेटिक्स टीमवर डोपिंगमुळे बंदी, त्यामुळे २०१५ ची वर्ल्ड चॅम्पियन मारिया कुचिना घरीच.

हे सगळं मान्य. पण म्हणून नशिबाने मिळालं म्हणायचं का? मला नाही पटत. त्या दिवशी १.९७ चौघींनी मारलं, बेइतिया, बल्गेरियाची देमिरेवा, व्लाशिच आणि अमेरिकेची शॉन्टे लो, आणि २.०० एकीलाही जमलं नाही. मग अशा वेळी बघतात की कुणी किती वेळा बार पाडला. बेइतियाचं कार्ड १.९७ पर्यंत एकदम कोरं होतं, प्रत्येक उंची पहिल्याच प्रयत्नात. सदतीसाव्या वर्षी, जिथे एका जास्तीच्या उडीनेही पाय बोलायला लागतात तिथे, एकही उडी वाया न घालवणं याला मी कसबच म्हणेन. स्पेनच्या बाईने ॲथलेटिक्समध्ये ऑलिम्पिक गोल्ड घेतल्याची ती पहिलीच वेळ.

२०१७ च्या ऑक्टोबरमध्ये ती खरोखर थांबली. आणि २०१९ मध्ये, म्हणजे उडी मारणं सोडून झाल्यावर, बातमी आली की लंडनला तिसरी आलेली रशियाची स्वेतलाना श्कोलिना डोपिंगमध्ये बाद, म्हणजे ब्राँझ बेइतियाचं. साडेसहा वर्षांनी! लंडनच्या त्या भरलेल्या स्टेडियममध्ये पोडियमवर उभं राहायचं ते राहिलंच ना, ते कुठली कमिटी परत देणार? मला तर असंही वाटतं की ते ब्राँझ तेव्हाच गळ्यात पडलं असतं तर ती समाधानाने घरी बसली असती आणि रिओ झालंच नसतं, पण हे आपलं माझं.

रिओत चौथी आलेल्या शॉन्टे लोचं तर अजूनच भारी आहे. बीजिंग २००८ ला ती सहावी होती, पुढच्या तिघी डोपिंगमध्ये गेल्या आणि रिओनंतर काही महिन्यांतच तिला कळलं की ब्राँझ आपलं आहे. पुढे ब्रेस्ट कॅन्सर झाला तरी टोकियोसाठी तयारी करत होती. तिच्यावर एक वेगळी पोस्ट टाकायचीय, बघू कधी मुहूर्त लागतो.