तिसऱ्या हातात टॉर्च

शेजारच्या बंगाली काकूंनी रद्दीला काढलेल्या गठ्ठ्यात परवा दुपारी ‘शुकतारा’ या बंगाली मुलांच्या मासिकाचा एक जुना अंक सापडला. मला ती लिपी येत नाही. पण त्यातल्या चित्रकथेतला बांटुल वाचावा लागतच नाही. गुलाबी बनियन, काळी हाफपँट, अवाढव्य छाती आणि खाली काड्यांसारखे अनवाणी पाय. गोळी छातीवर आपटून माघारी जाते. हावड्याच्या शिवपूरमध्ये राहणाऱ्या नारायण देबनाथांनी १९६५ पासून हा गडी काढला. त्यांची हांदा आणि भोंदा ही पोरं तर १९६२ पासूनची. पन्नास वर्षं तोच खट्याळपणा, तोच मार, आणि वय म्हणून वाढलं नाही. हेवा वाटतो मेल्यांचा.

काकूंचं पहिलं प्रेम मात्र दीपक चॅटर्जी, स्वपनकुमारांचा डिटेक्टिव्ह. दोन हातांत दोन पिस्तुलं आणि तिसऱ्या हातात टॉर्च घेऊन तो पाइपावरून उतरतो, अशी त्याची थट्टा बंगाल्यांत अजून चालते. लेखकाचं खरं नाव समरेंद्रनाथ पांडे. हेच गृहस्थ ‘श्रीभृगू’ होऊन ज्योतिषाची पुस्तकंही लिहायचे! काकूंच्या माहेरी ब्योमकेश, फेलूदा हे मानाचे डिटेक्टिव्ह काचेच्या कपाटात, दीपकबाबू भूगोलाच्या पुस्तकात.

आमच्याकडे भूगोलात अर्नाळकरांचा झुंजार असायचा. लायब्ररीच्या प्रतीत पहिल्याच पानावर कुणीतरी पेन्सिलीनं खुन्याचं नाव लिहिलेलं. तरी वाचायचो, कारण ते नाव बहुतेकदा चुकीचं निघायचं.

काचेच्या कपाटातल्या ब्योमकेशचे लेखक शरदिंदू बंद्योपाध्याय १९३८ मध्ये सिनेमासाठी मुंबईला आले आणि पुढे पुण्यात राहिले. शिवाजी महाराजांच्या काळातला सदाशिव नावाचा मराठी पोरगा त्यांनी बंगाली मुलांसाठी लिहिला. बिमल दासांनी त्याची चित्रकथाही काढली. गड, घोडे, मावळे, आणि सगळे फर्डं बंगाली बोलणारे. आपला पोरगा तिकडे घरोघरी, इकडे कुणाला पत्ता नाही.

देबनाथांचे आता जाडजूड समग्र खंड मिळतात. मिळोत. मला ते जेवताना वाचता येत नाहीत. असल्या पुस्तकाचा कागद वरण सांडलं तरी जीव हळहळू नये असाच हवा. बिनकिमतीचं समजूनच तर ते हाती येतं.

पण ते काढणाऱ्यालाही तसंच समजतात. पद्मश्री जाहीर झाली तेव्हा, २०२१ साली, देबनाथ ९५ वर्षांचे होते. पुढच्या जानेवारीत गेले. एवढी वाट पाहायला लावायचं काही कारण नव्हतं.