डीएपीच्या पोत्यावरचा देश

मोरोक्कोत रमजान लागला की आमच्या ऑफिसात ते घड्याळावरून कळतं. एरवी कॅसाब्लांका आपल्यापेक्षा साडेचार तास मागे असतं. रमजानच्या महिन्यात तो देश आपली घड्याळं तासभर मागे घेतो आणि फरक साडेपाच तासांचा होतो. तिकडचे मेल आणखी उशिरा यायला लागले की कागदपत्रं बघणारा आमचा पोरगा म्हणतो, "चालू झाला बघा."

सांगलीतून हळद परदेशी पाठवणाऱ्या एका फर्ममध्ये मी लॅब सांभाळते. ओलावा, कर्क्युमिन (हळदीला पिवळा रंग देणारा घटक), शिसं, राख, बुरशीचं विष, असल्या तपासण्या. त्यामुळे देशांशी माझी ओळख जरा चमत्कारिकच आहे. कुणाची कीटकनाशकांची मर्यादा पाठ असते, कुणाची शिशाची. त्या देशात डोंगर आहे की नदी, हे विचारायची वेळ येत नाही.

२०२५ च्या मार्चमध्ये मोरोक्कोचे खरेदीदार स्वतः यायचे ठरले, तेव्हा अण्णांनी, म्हणजे आमच्या मालकांनी, फर्मान काढलं. "त्या देशाचं एक पान करून ठेवा. भूगोल, इतिहास, लोक, काय खातात, काय बोललेलं चालत नाही. माणसं समोर बसल्यावर मला 'हो का, हो का' करायला लावू नका."

पान केलं. उत्तरेला भूमध्य समुद्र, पश्चिमेला अटलांटिक, आणि जिब्राल्टरच्या सामुद्रधुनीपलीकडे स्पेन, सगळ्यात अरुंद जागी जेमतेम चौदा किलोमीटरवर. देशाच्या मधून ॲटलासच्या रांगा जातात. त्यातलं तूबकाल शिखर ४,१६७ मीटर, आपल्या कळसूबाईच्या अडीचपट. हिवाळ्यात तिथं लोक बर्फावर घसरायला जातात. अण्णांना हे काही पटेना. "वाळवंट आहे ना तिथं?" आहे, पण रांगांच्या पलीकडे. अलीकडे गव्हाची शेतं आहेत, संत्र्याच्या बागा आहेत. इतिहासात घराण्यांची लांबलचक यादी. फेझ शहरातलं अल करवीन हे विद्यापीठ ८५९ साली फातिमा अल फिहरी नावाच्या बाईनं मशीद म्हणून उभारलं, असं मानतात. उस्मानी तुर्कांनी शेजारचा अल्जीरिया घेतला, पण मोरोक्को त्यांच्या हाती लागला नाही. १९१२ ते १९५६ फ्रान्स आणि स्पेन यांनी देश वाटून घेतला होता. आज राजा आहे, सहावा मोहम्मद, १९९९ पासून. लोकसंख्या २०२४ च्या जनगणनेत पावणेचार कोटींच्या थोडी आत.

खरी पंचाईत नकाशाची झाली. स्वागताच्या फलकासाठी आमच्या छपाईवाल्यानं इंटरनेटवरून उचललेल्या नकाशात देशाच्या खाली तुटक रेघ होती. ती पश्चिम सहाराची. १९७५ मध्ये स्पेन तिथून निघायच्या बेतात असताना राजा दुसरा हसन यानं साडेतीन लाख नि:शस्त्र माणसं त्या भागात चालत पाठवली होती. तेव्हापासून मोरोक्को तो मुलूख आपला म्हणतो, तिथली पोलिसारियो ही संघटना स्वतंत्र देश मागते, आणि संयुक्त राष्ट्रांच्या लेखी प्रश्न अजून मिटलेला नाही. तो आपण हळदीच्या फलकावर कशाला मिटवायचा? नकाशा काढला आणि हळकुंडांचा फोटो टाकला. आपल्या काश्मीरची रेघ चुकीची छापून कुणी आपल्याला बोलावलं असतं, तर आपण तरी चहा प्यायलो असतो का?

आले दोघं. साठीचे गृहस्थ आणि त्यांची भाची. ती अन्न-रसायनाची पदवीधर. साहेब फ्रेंच आणि तिकडची बोली अरबी बोलत, भाची इंग्रजी. दोघं आपसात भांडताना मात्र तिसरीच भाषा, तामाझिग्त. ती तिथल्या मूळ रहिवाशांची, अमाझिग लोकांची. २०११ च्या घटनेनं तिला अरबीच्या बरोबरीनं राजभाषा केलं आणि तिची लिपीही वेगळी आहे. दोघांचंही मूळ दक्षिणेच्या सूस खोऱ्यातलं. तिकडची माणसं कॅसाब्लांकात आणि इतर शहरांत किराणा दुकानं काढतात म्हणे. सूसी म्हटला की वाणी, हे ठरलेलंच. साहेबांच्या वडिलांचंही तसलंच दुकान, आणि त्यातूनच हा मसाल्याचा धंदा. अण्णा लगेच म्हणाले, "म्हणजे आपले विट्याचे गलाईवाले." मग सोनं गाळायला भारतभर पसरलेले खानापूर-आटपाडीचे लोक मला इंग्रजीतून समजावून सांगावे लागले.

मार्केट यार्डातले सौदे दोघांनी उभ्यानं पाहिले. भाचीनं एक हळकुंड उचललं, मधोमध मोडलं, आतला रंग उजेडात धरला, मग तुकडा दाताखाली न घेता नुसता हुंगला. रोजा होता. उन्हात साहेबांच्या ओठांना कोरड पडलेली दिसत होती. प्रवाशाला रोजाची सूट असते, असं भाचीनंच सांगितलं, पण मामा ऐकत नव्हते. अण्णांनी मागवलेलं जेवण हमालांनी जेवलं.

दुपारी वाळवा तालुक्यातल्या एका शेतावर गेलो. गाडीत मी इब्न बतूताचं नाव काढलं आणि साहेब एकदम जागे झाले. तो तांजियरचा, जन्म १३०४ चा. दिल्लीत महंमद तुघलकाकडे काझी होता. सुलतानाचा दूत म्हणून चीनला निघाला तो १३४२ मध्ये, आणि वाटेत दौलताबाद, नंदुरबार बघून गेला. नंदुरबारच्या मराठ्यांबद्दल त्यानं लिहिलंय की ही माणसं भात, भाज्या आणि तिळाचं तेल खातात. साहेब म्हणाले, तिळाचं तेल अजून आहे का? आता सोयाबीन, असं सांगताना मलाच कसंतरी झालं.

शेतावर हळद शिजत होती. कुकरच्या वाफेनं सगळं खळं पिवळट धुरकट झालेलं. बायका गड्डे वेगळे करत होत्या. शेतकरी सत्तरीचे, सगळे त्यांना तात्या म्हणतात. बसायला त्यांनी झाडाखाली रिकामी पोती अंथरली. भाची बसायला वाकली आणि तशीच थांबली. डीएपी खताचं पोतं. नत्र आणि स्फुरदाचे १८-४६ हे आकडे, आयातदाराचा पत्ता, आणि कोपऱ्यात बारीक अक्षरात मूळ देश: मोरोक्को. तिनं मामांना हाक मारली, आणि मामांनी आपल्या देशाच्या नावावरून हात फिरवला.

डीएपीतला फॉस्फेट हा खडक असतो, आणि जगातल्या फॉस्फेटच्या साठ्यापैकी सुमारे ७० टक्के साठा मोरोक्कोकडे आहे (वर सांगितलेल्या वादग्रस्त भागासकट). खुरिब्गा ही त्यांची सगळ्यात मोठी खाण, १९२१ पासून चालू. भाचीच्या वडिलांचे वडील सूस सोडून तिथंच कामाला लागले होते. पूर्वी हा खडक रेल्वेनं बंदरावर जायचा. आता तो पाण्यात कालवून १८७ किलोमीटरच्या नळातून अटलांटिकच्या काठावरच्या जोर्फ लास्फारला जातो. तिथं त्याचं आम्ल बनतं, खत बनतं, आणि भारत हे मोठं गिऱ्हाईक. ती सांगत होती की तो खडक म्हणजे जुन्या समुद्राचा तळ आहे, आजोबांना खाणीत शार्कचे दात सापडायचे. तिथले थर सात ते साडेचार कोटी वर्षांपूर्वीचे. इकडे आपला काळा दगड, ज्याची ही काळी माती झाली, तो लाव्हा साडेसहा कोटी वर्षांच्या आसपासचा. तिकडे शार्क मरून तळाला बसत होते तेव्हा इकडे सह्याद्री ओतला जात होता, आणि दोन्हींची गाठ पडली ती तात्यांच्या हळदीच्या सरीत. मी हे उत्साहानं मराठीत सांगितलं. तात्या म्हणाले, "ते खरं असंल ताई, पन त्यांना म्हनावं पोत्याचा भाव कमी करा."

भाषांतर ऐकून साहेब हसले, पण उत्तर गंभीरपणे दिलं. म्हणाले, आमच्याकडे शेतकऱ्याचे हाल विचारू नका. सलग सहा-सात वर्षं पाऊस धड नाही, धरणांनी तळ गाठलेला. आणि मग सांगितलं ते ऐकून तात्यांनी हातातलं खुरपं खाली ठेवलं. महिन्याभरापूर्वी राजाचं पत्र टीव्हीवर वाचून दाखवलं होतं: जनावरं फार घटली आहेत, तेव्हा यंदा बकरी ईदला कुर्बानी करू नका, सगळ्यांच्या वतीनं मी करतो. नऊ वर्षांत जनावरं ३८ टक्क्यांनी कमी झाली. तिथला राजा नुसता राजा नाही, श्रद्धावंतांचा प्रमुख ही त्याची पदवी घटनेत आहे, म्हणून तो असं सांगू शकतो. त्याच्या वडिलांनीही १९९६ मध्ये असंच सांगितलं होतं.

तात्यांची सून जतची. ती गड्डे मोडता मोडता ऐकत होती, ती आमच्याकडे न बघता बोलली, "छावणीत होतो आमी २०१९ ला. बाबांनी दोन बैलं इकली, एक गाय ठिवली." मी सांगितलं तसं भाचीनं विचारलं, छावणीत जनावरांबरोबर माणसं राहतात? राहतात तर. रात्री दावणीला कोण बघणार? त्यावर त्या दोघींचं माझ्यामार्फत जे बोलणं झालं, चारा किती, पाणी कुठून, दूध कुणी घ्यायचं, ते माझ्या पानावर कुठल्याच मथळ्याखाली बसलं नसतं. एकीच्या माहेरी मेंढरं, दुसरीच्या माहेरी खिलार. दोघींना दर वर्षी जूनमध्ये आभाळाकडे आणि ऑक्टोबरमध्ये आभाळाकडे बघायची सवय, एवढाच काय तो महिन्यांचा फरक.

निघताना तात्यांनी पत्री सरकारची गोष्ट काढली. वाळव्यात पाहुणा आला की ती निघतेच, आणि निघावीही. साहेबांनी बदल्यात रिफच्या डोंगरातला अब्द अल-करीम दिला: १९२१ मध्ये अनवालला स्पेनच्या फौजेचा फडशा पाडला, स्वतःचं प्रजासत्ताक काढलं, पाच वर्षं टिकवलं, शेवटी स्पेन आणि फ्रान्स मिळून त्याच्यावर चालून गेले. तात्यांना नाव उच्चारता येईना, पण माणूस आवडला.

सूर्य मावळायच्या आत गोडाऊनवर परतलो. आमचे मिरजेचे हमालमामा गेली कित्येक वर्षं पोत्यांच्या थप्पीमागे रोजा सोडतात. त्यांनी पाहुण्यांसाठी सतरंजी टाकली, खजूर, कलिंगड, कांदाभजी मांडली. साहेबांनी खजूर खाल्ला, पाणी प्यायले, आणि घरी या वेळी काय असतं ते सांगत बसले. हरीरा नावाचं दाटसर कढण: टोमॅटो, मसूर, हरभरे, कोथिंबीर, आलं आणि चिमूटभर हळद. "चिमूटभरच?" अण्णा कळवळले. नमाजात हमालमामांनी हात बांधले, साहेबांनी बाजूला मोकळे सोडले. हमालमामांनी नंतर हळूच मला कारण विचारलं. भाचीनं सांगितलं की मोरोक्कोत मालिकी पंथ आहे, तिथं बहुतेक जण असेच उभे राहतात. हमालमामा म्हणाले, "असंना का, काबा एकच." आणि भज्यांची दुसरी ताटली आणायला गेले.

सौदा रात्री बसला. अण्णांना राजापुरी जातीची हळद खपवायची होती, सांगलीच्या हळदीला २०१८ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाल्याचं प्रमाणपत्र त्यांनी फ्रेममधून काढून आणलं होतं. भाचीनं ते कौतुकानं वाचलं आणि माझ्या लॅबचे कर्क्युमिनचे आकडे बघून सेलम ही दुसरी जात जास्त, राजापुरी कमी असं लिहिलं. भावावर फार ताणलं नाही. ताणलं ते भाड्यावर. तांबड्या समुद्रातल्या हल्ल्यांमुळे जहाजं सुएझ सोडून अख्ख्या आफ्रिकेला वळसा घालून जात होती, आणि त्या वळशाचा खर्च कुणी सोसायचा? साहेबांनी मोबाइलवर नकाशा उघडून अण्णांसमोर धरला आणि न्हावाशेवापासून केप ऑफ गुड होपवरून कॅसाब्लांकापर्यंत बोट फिरवलं. अण्णांनी चष्मा लावून तो वळसा दोनदा पाहिला, निम्मा आमचा म्हणाले, आणि मला तेवढ्या रात्री त्यांच्या लॉटचा ओलावा पुन्हा काढायला पाठवलं.