हिब्रू ग्रंथांचे वय: कातड्याचे, अक्षराचे आणि मजकुराचे

हिब्रू बायबल नेमके कधीचे, या प्रश्नाला कुणी एकाच आकड्यात उत्तर दिले तर आधी विचारावे, वय कशाचे सांगताय? मजकूर रचला गेला ते एक साल. त्यावर संपादकांचे हात फिरून तो आजच्या रूपात आला ते दुसरे. आणि समोर असलेली प्रत कुणीतरी उतरवून काढली ते तिसरे. ज्ञानेश्वरी शके १२१२ ची, एकनाथांनी तिची शुद्ध प्रत तयार केली ती शके १५०६ मध्ये, आणि एखाद्या मठातली पोथी त्यानंतरही दीडदोनशे वर्षांनी लिहिलेली असू शकते. त्या पोथीच्या कागदावरून ज्ञानेश्वरांचा काळ काढायला कोणी जात नाही. हिब्रू ग्रंथांच्या बातम्यांत मात्र हा घोळ दर दोनचार वर्षांनी होतो.

संपूर्ण हिब्रू बायबलची आज उपलब्ध असलेली सर्वांत जुनी तारीखवार प्रत म्हणजे लेनिनग्राड कोडेक्स (कोडेक्स म्हणजे पुस्तकासारखी बांधलेली हस्तलिखित प्रत), इ.स. १००८ च्या सुमाराची. अलेप्पो कोडेक्स तिच्याहून सुमारे ८० वर्षांनी जुना, पण १९४७ च्या दंगलीनंतर त्याची बरीच पाने गहाळ झाली. त्याच वर्षी मृत समुद्राकाठी कुमरानच्या गुहांतून गुंडाळ्या बाहेर येऊ लागल्या. ११ गुहा, ९०० हून अधिक हस्तलिखितांचे अवशेष, त्यांत बायबलमधील ग्रंथांच्या दोनशेहून जास्त प्रती. एस्तेर सोडून प्रत्येक ग्रंथाचा निदान एखादा तुकडा तरी सापडला. पुरावा एका झटक्यात हजार वर्षांनी मागे गेला. पण तोही प्रतींचा पुरावा, रचनेचा नव्हे.

प्रतीचे वय काढायचा पहिला मार्ग कार्बन-१४, म्हणजे जीव मेल्यावर ठरावीक वेगाने घटत जाणारा किरणोत्सारी कार्बन मोजणे. हा मार्ग जनावर मेले कधी एवढेच सांगतो. त्या कातड्यावर शाई कधी चढली हे त्याला ठाऊक नसते. १९५० मध्ये ही पद्धत शोधणारे लिबी यांच्या प्रयोगशाळेत पहिली चाचणी झाली ती गुंडाळीची नव्हे, पहिल्या गुहेत मिळालेल्या तागाच्या कापडाची. तेव्हाच्या पद्धतीत इतका नमुना जाळावा लागे की गुंडाळीचा बळी देणे परवडणारे नव्हते. उत्तर आले इ.स. ३३, अधिक-उणे २०० वर्षे. १९९१ मध्ये झुरिकला कणत्वरकावर (कार्बनचे अणू थेट मोजणाऱ्या यंत्रावर) काम झाले तेव्हा काही मिलिग्रॅम कातड्यात भागले. यशयाच्या मोठ्या गुंडाळीला इ.स.पू. २०२ ते १०७ असा मुख्य पट्टा मिळाला. लिपीवरून ती आधीच इ.स.पू. १२५ च्या आसपासची धरली होती, म्हणजे दोन्ही मार्ग जुळले.

जिथे जुळत नाहीत तिथे पहिला संशय स्वच्छतेवर घ्यावा. १९५० च्या दशकात काळवंडलेली अक्षरे नीट दिसावीत म्हणून अभ्यासकांनी काही तुकड्यांवर एरंडेल तेल चोपडले. तेल ताज्या एरंडीचे, म्हणजे त्यातला कार्बनही ताजा. हिशेब साधा आहे. २००० वर्षे जुन्या नमुन्यात मूळच्या कार्बन-१४ पैकी सुमारे ७८ टक्के उरलेला असतो. त्यात ५ टक्के ताजा कार्बन मिसळला की वय शंभराहून थोडी जास्त वर्षे कमी दिसते, १० टक्के मिसळला तर सव्वादोनशेच्या जवळपास. उलट, खनिज तेलापासून बनलेल्या चिकटद्रव्यात कार्बन-१४ उरलेलाच नसतो. अशा मृत कार्बनाचा १ टक्का आत राहिला तरी नमुना ८० वर्षांनी म्हातारा होतो. आणि त्याच दशकात जेरुसलेमच्या संग्रहालयात तुकडे जोडायला चिकटपट्टी सर्रास वापरली गेली!

म्हणून नमुना आधी विद्रावकांत धुवून तेल-मेण काढतात. मग सौम्य हायड्रोक्लोरिक आम्ल, ते मातीतले कार्बोनेट खाते. नंतर अल्कली, त्यात ह्युमिक आम्ले (मातीतल्या कुजक्या पाल्यापाचोळ्याची) विरघळतात. शेवटी पुन्हा आम्ल, कारण अल्कली हवेतला कार्बन डायऑक्साइड ओढून घेते आणि तो आत राहिला तर केलेले सगळे फुकट. गोम मधल्या पायरीत आहे. कातडे जीर्ण असेल तर अल्कलीत त्याचा लगदा होतो आणि मोजायला काही उरत नाही. सौम्य धुवावे तर तेल राहते, कडक धुवावे तर नमुना जातो. कोणता आकडा कोणत्या धुलाईनंतरचा, हे अहवालात न पाहता तो उद्धृत करू नये.

दुसरी अडचण प्रयोगशाळेच्या हातची नाही. मोजलेल्या कार्बनाचे खऱ्या वर्षांत रूपांतर करायला जो वक्र वापरतात, तो साधारण इ.स.पू. ८०० ते ४०० या काळात जवळजवळ सपाट आहे. त्या चार शतकांतले काहीही मोजा, उत्तर तेवढेच रुंद येते. आणि नेमकी हीच शतके या ग्रंथांच्या जडणघडणीची: संदेष्टे, योशीया राजा, बाबेलची कैद (यहूदी लोकांना बाबेलला नेले तो काळ), तिथून परतणे. कालमापनाला याहून गैरसोयीचा काळ निवडता आला नसता.

तसे त्या काळातले मोजायला फारसे काही शिल्लकही नाही. यहूदातले, म्हणजे जेरुसलेमच्या राज्यातले, लिखाण पपायरसवर किंवा कातड्यावर होई आणि डोंगराळ, पावसाच्या मुलखात ते कुजले. १९८२ मध्ये जेरुसलेमच्या दावीदनगर भागात इ.स.पू. ५८६ च्या आगीने भाजलेले ५१ मातीचे शिक्के मिळाले. दस्तऐवज जळून गेले, शिक्के मात्र भट्टीतल्यासारखे पक्के झाले. काहींच्या मागे पपायरसच्या तंतूंचे ठसे आणि दोऱ्याची खाच अजून दिसते. एकावर नाव आहे ‘गमऱ्या, शाफानाचा मुलगा’, आणि यिर्मयाच्या ३६ व्या अध्यायात याच नावाचा लेखनिक येतो.

दुसरा मार्ग लिपीचा. १९६१ मध्ये फ्रँक मूर क्रॉस यांनी घातलेली चौकट आजही वापरात आहे: इ.स.पू. २५० ते १५० प्राचीन वळण, तिथून इ.स.पू. ३० पर्यंत हास्मोनी, आणि इ.स. ७० पर्यंत हेरोदी (ही दोन्ही नावे तिथल्या राजघराण्यांवरून). लेखनिक कोरड्या टोकाने कातड्यावर रेघ ओढत आणि अक्षरे रेघेखाली टांगत. जुन्या वळणात अक्षरांची उंची असमान असते. ‘आयिन’ एवढेसे, वर रेघेला चिकटलेले, तर शब्दाच्या शेवटची अक्षरे खाली लांब उतरलेली. हेरोदी काळाकडे येताना सगळी एका मापाची होतात, ‘वाव’ आणि ‘योद’ यांतला फरक तर कधीकधी कळेनासा होतो. या मार्गाचा कच्चा दुवा असा की म्हातारा लेखनिक तरुणपणी गिरवलेलेच वळण लिहितो. म्हणून लिपीवरून कोणी नेमके साल सांगू लागला तर त्यात आगेमागे २५ वर्षे आपणच धरावीत.

जून २०२५ मध्ये ग्रोनिंगेन विद्यापीठाच्या गटाने या दोन्ही मार्गांची सांगड घालणारी ‘एनोक’ नावाची संगणकीय प्रणाली मांडली. कार्बनने काळ ठरलेल्या २४ हस्तलिखितांतील अक्षरांच्या आकारावर ती शिकवली आहे आणि तिची सरासरी चूक ३० वर्षांच्या आसपास आहे. कामाची गोष्ट आहे, पण २४ हा आकडा लहानच. याच कामात दानीएलच्या ४क्यू११४ (कुमरानची चौथी गुहा, क्रमांक ११४) या तुकड्याला कार्बनने इ.स.पू. २३० ते १६० असा पट्टा मिळाला आणि ‘दानीएल समजत होते त्याहून जुना’ असे मथळे झळकले.

पट्ट्याचे दुसरे टोक १६० आहे, हे मथळा लिहिणाऱ्याने पाहिले नसावे. दानीएलच्या शेवटच्या अध्यायांचा काळ आपण मजकुरातूनच काढू शकतो, आणि इतका नेमका की प्रयोगशाळेने हेवा करावा. अकराव्या अध्यायात उत्तरेचा राजा आणि दक्षिणेचा राजा यांच्या लढाया, सोयरिकी, दगाबाजी येतात. सिरियाचे सेल्युकिद आणि मिसरचे टॉलेमी या घराण्यांच्या इतिहासाशी त्या पायरीपायरीने जुळतात. ३१ व्या वचनात मंदिर भ्रष्ट केल्याचा उल्लेख आहे. ती घटना इ.स.पू. १६७ ची, करणारा सेल्युकिद राजा अंतियोख चौथा. ४० व्या वचनापासून मात्र गाडी रुळावरून घसरते. राजा मिसर जिंकेल आणि समुद्र व पवित्र पर्वत यांच्यामध्ये मरेल असे लिहिले आहे. प्रत्यक्षात अंतियोख इ.स.पू. १६४ मध्ये पूर्वेला, इराणच्या बाजूला वारला. १६७ पर्यंत बिनचूक आणि १६४ चे काहीच माहीत नाही, म्हणजे लेखक त्या मधल्या तीन वर्षांत लिहीत होता. कार्बनचा पट्टा याला छेद देत नाही. आश्चर्य वाटायला हवे ते हे, की रचना आणि ही प्रत यांत बहुधा फारच थोडे अंतर आहे.

यशयाचेही तसेच. संदेष्टा यशया इ.स.पू. आठव्या शतकाच्या उत्तरार्धातला, पण ४४ आणि ४५ व्या अध्यायांत कोरेशाचे नाव घेऊन उल्लेख आहे. हा पारसीक राजा, ज्याने इ.स.पू. ५३९ मध्ये बाबेल घेतले. त्यामुळे ४० ते ५५ हे अध्याय कैदेच्या अखेरीचे मानले जातात. कुमरानच्या गुंडाळीत ४० वा अध्याय ३२ व्या स्तंभाच्या अगदी तळाशी सुरू होतो. नवा स्तंभ नाही, मोठी मोकळी जागा नाही. प्रत उतरवणाऱ्यापर्यंत दोन्ही भाग कधीच एक होऊन आले होते. रचना, संपादन आणि नक्कल या तिन्ही तारखा एकाच स्तंभाच्या पायथ्याशी भेटतात, असे दुसरीकडे क्वचितच दिसते.

‘अनुवाद’ (मोशेच्या पाच ग्रंथांतला शेवटचा) या ग्रंथाचा काळ टांगायला १८०५ मध्ये जर्मन अभ्यासक डी वेट यांनी एक खुंटी शोधली. राजे भाग दुसरा, अध्याय २२: इ.स.पू. ६२२ मध्ये मंदिराची डागडुजी चालू असताना हिल्कीया याजकाला नियमशास्त्राचा ग्रंथ सापडतो आणि योशीया गावोगावची पूजास्थाने मोडतो. एकाच ठिकाणी उपासना हा अनुवादाच्या १२ व्या अध्यायाचा मुख्य आग्रह. शिवाय २८ व्या अध्यायातला शाप, आकाश पितळेचे होईल आणि जमीन लोखंडाची, त्याचा जोडीदार अश्शूरच्या एसरहद्दोनाने इ.स.पू. ६७२ मध्ये मांडलिकांवर लादलेल्या करारात आहे. सातव्या शतकाचा गाभा आणि कैदेनंतरची भर, हे मत मला सर्वांत टिकाऊ वाटते.

भाषेवरूनही अंदाज निघतो, पण ते जपून वापरायचे साधन आहे. ‘उपदेशक’ या ग्रंथात पारसीक शब्द आहेत, म्हणून तो शलमोनाच्या काळचा असू शकत नाही, इथवर ठीक. पण दावीदाचे नाव ‘शमुवेल’ या ग्रंथात बहुतेक ठिकाणी तीन अक्षरांत आणि ‘इतिहास’ या ग्रंथात चार अक्षरांत लिहिले आहे, एवढ्यावर फार मोठा इमला बांधू नये. लेखनिक आपल्या काळचे शुद्धलेखन बिनदिक्कत घालत असत.

आता केतेफ हिन्नोम. १९७९ मध्ये पुरातत्त्वज्ञ गॅब्रिएल बारकाय यांना जेरुसलेमच्या या ठिकाणच्या एका थडग्यात चांदीच्या दोन गुंडाळ्या मिळाल्या. उलगडल्यावर मोठी ९७ बाय २७ मिलिमीटर, धाकटी ३९ बाय ११. त्यांवर गणना ६:२४ ते २६ मधल्या आशीर्वादाचे शब्द कोरलेले आहेत आणि काळ इ.स.पू. सातव्या शतकाचा शेवट किंवा सहाव्याचा आरंभ. आपल्याकडे असलेले बायबलमधल्या मजकुराचे हे सर्वांत जुने रूप. मात्र यावरून तेव्हा ‘गणना’ हा ग्रंथ तयार होता असे म्हणता येत नाही. आशीर्वाद आधी लोकांच्या तोंडी असेल आणि ग्रंथात नंतर आला असेल.

शेवटी बाजार. २००२ नंतर विक्रीला आलेल्या ‘मृत समुद्रा’च्या तुकड्यांकडे संशयानेच पाहावे. वॉशिंग्टनच्या म्युझियम ऑफ द बायबलकडचे सर्व १६ तुकडे बनावट असल्याचे २०२० मध्ये जाहीर झाले. इथे कार्बन-१४ कामाला येत नाही, कारण बनवणारा जुनेच चामडे घेतो. पकडून देते ती शाई. चामडे तडकण्याआधी लिहिले असेल तर तडा अक्षराला कापून जातो. नंतर लिहिले असेल तर शाई तड्यात उतरून साचते, फाटलेल्या कडेवरून खाली ओघळते आणि क्षारांच्या थरावर चढून बसते. सूक्ष्मदर्शकाखाली पहिली नजर तुकड्याच्या कडेवर टाकायची, अक्षरांवर नंतर.