लिलावांचा रस्ता

दिवाडी बेटाची फेरीबोट पलीकडच्या धक्क्याला लागलेली होती. ती येईपर्यंत जुन्या गोव्यात जरा पाय मोकळे करावेत म्हणून व्हाइसरॉयच्या कमानीतून आत शिरले. झाडं, लाल माती, पुढे चर्चच्या भिंती. सुतळीचा तोडासुद्धा मिळेल असं दुकान दिसेना.

आणि हाच म्हणे 'रुआ दिरैता', पोर्तुगीजांची मुख्य बाजारपेठ! 1583 ते 1588 अशी पाच वर्षं इथल्या आर्चबिशपच्या पदरी असलेल्या लिन्शोटेन या डच माणसानं तिचं वर्णन लिहून ठेवलंय. दुतर्फा सोनार, जवाहिरे, सावकार. रविवार नि सणवार सोडले तर रोज सकाळी सात ते नऊ, ऊन तापायच्या आत, बोली लागायची. बोली पुकारणारे विकायच्या सोनसाखळ्या, अंगठ्या स्वतःच्याच अंगावर चढवून हिंडायचे. अरबी घोडे, मसाले, गालिचे, आणि त्याच रांगेत माणसं. हो, गुलाम. तिथे मी वाचायची थांबले होते, दोन दिवस पुस्तक उघडलं नाही. कुणी मेला की त्याचं घरदारातलं सामान इथेच यायचं. मेलेला व्हाइसरॉय असला तरी सुटका नव्हती.

या बोलीला पोर्तुगीजमध्ये 'लैलांव' म्हणतात. आपला लिलाव तो हाच. पेठेलाही लिलावांचा रस्ता म्हणू लागले होते. पुढे साथींनी शहर ओस पडलं, 1843 मध्ये पणजी रीतसर राजधानी झाली आणि इथल्या पडक्या इमारतींचे दगडही तिकडच्या बांधकामांना गेले. शब्द मात्र किनाऱ्याकिनाऱ्यानं वर सरकला. गंमत अशी की, गोव्यात फेस्ताला किंवा जत्रेला बोली लागते तिला कोंकणीत पावणी म्हणतात. परका शब्द सांभाळला आम्ही मराठीवाल्यांनी! पगार, तुरुंग, चावी हेही तिकडूनच आलेले, पण लिलावाइतका रोज ओरडला जाणारा दुसरा नसेल.

मालवणला रापण, म्हणजे किनाऱ्यावरून ओढायचं मोठं जाळं, ओढली की वाळूतच मासळीच्या टोपल्या लिलावाला मांडतात. माझी आत्या लुगड्याचा काष्टा आवळून पुढे उभी; एक बोट वर केलं की काय ते पुकारणाऱ्याला कळतं. लहानपणी मी तिच्यामागे उभी राहायचे आणि आकडे इतक्या भरभर चढायचे की मला वाटायचं, भांडण चाललंय.

बोट आली. चढता चढता आत्याला फोन लावून सांगितलं, लिलाव हा शब्द पोर्तुगीजांचा आहे.

"आसांदे गो," ती म्हणाली. "आज बांगड्याची टोपली केवड्याक गेली, ता ठावक आसा तुका?"