चौतिसातला एक

मोजणं हा माझा धंदा. लोकांना वाटतं, टूर मॅनेजर म्हणजे फुकटात जग हिंडणारी बाई. प्रत्यक्षात आम्ही मुंडकी मोजतो. बसमध्ये, बसखाली, स्वच्छतागृहाच्या दाराशी, कधी कधी झोपेतसुद्धा. त्या दिवशी चिचेन इत्झाच्या फाटकाशी मी तीनदा मोजलं आणि तिन्ही वेळा तेहतीस भरले. हवे होते चौतीस.

ग्रुप सगळा आपलाच. पुणे, ठाणे, सांगली, दोन जोडपी नागपूरची. अमेरिका करून मेक्सिको हा हल्ली बऱ्याच जणांचा बेत असतो, कारण अमेरिकेचा चालू व्हिसा असला की मेक्सिकोचा वेगळा काढावा लागत नाही. कानकुनच्या समुद्रावर दोन दिवस लोळून झालं की तिसऱ्या दिवशी ही सहल : सकाळी चिचेन इत्झा हे माया लोकांचं जुनं शहर, दुपारी सेनोतेत, म्हणजे तिथल्या नैसर्गिक विहिरीत, डुंबणं, परतताना वायादोलिद गावात एक चक्कर. माझी ही सातवी खेप होती. सातव्या खेपेला आपण देवळाकडे बघत नाही, घड्याळाकडे बघतो.

घड्याळानेच घोळ केला. कानकुन किंताना रो राज्यात, चिचेन इत्झा युकातान राज्यात, आणि युकातान एक तास मागे. मी बसमध्ये माईकवर दर वेळी बजावते, "आपण दिवसभर कानकुनचीच वेळ पाळायची हं, घड्याळाला हात लावायचा नाही." पण घड्याळ आता घालतं कोण? मोबाईल टॉवर बघून आपणहून तासभर मागे सरकतो. हे मला माहीत होतं आणि सांगायचं राहिलं. का राहिलं, तर नेमकं त्याच वेळी एका काकूंना जेवणातल्या घेवड्याची चौकशी करायची होती. ती चौकशी रास्तच होती म्हणा, कारण तिथं घेवडा पुष्कळदा डुकराच्या चरबीत परततात, आणि आमच्या ग्रुपमध्ये नऊ जण पक्के शाकाहारी होते.

जे हरवले ते काका तसे गप्प गृहस्थ. एकटेच आलेले, साठीच्या पुढचे, मूळचे माण तालुक्यातले. सरकारच्या भूजल खात्यात विहिरी तपासत नोकरी संपवलेली. सकाळी बसमध्ये माझ्यामागे बसले होते. दोन तासांनी म्हणाले, "ताई, एवढं आलो, पण एक पूल लागला नाही."

"हो ना, रस्ते छान आहेत," असं काहीतरी मी बोलले आणि जेवणाची यादी पुन्हा तपासायला घेतली.

चिचेन इत्झात आम्ही स्थानिक गाइड घेतो. हा शेजारच्या पिस्ते गावचा, घरी मायाच बोलणारा. माया लोक जंगलात नाहीसे झाले असं आपण कुठं कुठं ऐकलेलं असतं. ती भाषा बोलणारे आजही सात लाखांवर आहेत आणि त्यातला एक आमच्यापुढे टोपी घालून उभा होता. त्याने नेहमीचा फेरा घडवला. कुकुलकान देवाचा पिरॅमिड : चारही बाजूंना 91 पायऱ्या, त्यावर माथ्याचा चौथरा धरला की 365. पायथ्याशी उभं राहून टाळी वाजवली की पायऱ्यांवरून परतणारा आवाज टाळीचा नसतो, पक्ष्याच्या चिवचिवाटासारखा येतो. चौतीस माणसं टाळ्या वाजवताना बघून बाजूच्या फ्रेंच ग्रुपला आरतीच चालू आहे असं वाटलं असेल. मग "वर का चढू देत नाहीत?" हा प्रश्न. तो दर खेपेला येतो आणि विचारणाऱ्याचे गुडघे पाहिले की उत्तर द्यावंसं वाटत नाही. पुढे चेंडूचं मैदान, 168 मीटर लांब, भिंतीत उंचावर दगडी कडी. ते झाल्यावर मी तासाभराची मोकळीक दिली. "बरोब्बर बाराला फाटकाशी."

सव्वाबारा झाले. तेहतीस.

तुम्हाला सांगते, त्या वेळी पोटात जो गोळा येतो तो पासपोर्ट हरवल्यावरही येत नाही. बिपी, साखर, ऊन, सगळं एकदम डोळ्यापुढे येतं. फोन केला तर "संपर्क क्षेत्राबाहेर". ग्रुपला सावलीत बसवलं, गाइडला हाताशी घेतलं आणि निघाले. पहिल्यांदा स्वच्छतागृह, मग दुकानं. तिथं जॅग्वारची डरकाळी काढणारी लाकडी शिट्टी प्रत्येक विक्रेत्याकडे असते आणि प्रत्येक जण ती तुमच्या कानाशी वाजवतो. त्या डरकाळ्यांतून मी काकांच्या नावाने ओरडत धावत होते. गाइडने मला थांबवून विचारलं, "ते काय काम करायचे?" म्हटलं, विहिरी. तो काही न बोलता उत्तरेकडच्या पांढऱ्या वाटेला लागला.

ती वाट पवित्र सेनोतेकडे जाते. मी तिथं ग्रुपला नेत नाही. उन्हात जाऊन-येऊन वेळ मोडतो, पोहायची मुभा नाही, आणि बघायला काय, तर हिरवं पाणी.

काका कडेला झाडाखाली उकिडवे बसले होते. शांत. मला बघून म्हणाले, "बारा वाजले का? माझ्यात तर अकरा पंचवीस झालेत." फोन पुढे केला. खरंच 11:25. माझा राग घशातच अडकला, कारण चूक माझी होती.

"या, बसा जरा," ते म्हणाले. बसायला वेळ नव्हता. तरी बसले, कारण पाय थरथरत होते.

साठेक मीटर रुंदीचा गोल खड्डा, सरळ तुटलेले कडे, आणि वीस-पंचवीस मीटर खाली पाणी. काका कड्याच्या थरांकडे बोट दाखवून बोलायला लागले. सगळा चुनखडक. पाऊस पडला की पाणी वाहत नाही, थेट आत मुरतं, म्हणून उत्तर युकातानात नदी नाही, म्हणून सकाळपासून पूल लागला नाही. आत मुरलेलं पाणी खडक विरघळवत पोकळ्या करतं, आणि एखाद्या पोकळीचं छत कोसळलं की झालं सेनोते. "आपल्याकडं काळा पाषाण. पाणी बिचारं फट शोधत फिरतं. इथं पाणी खडकच खातं."

मग विचारलं, "लोणार बघितलंय?" म्हटलं, शाळेच्या सहलीत. "ते खळगं पावणेदोन-दोन किलोमीटरचं. त्याच्या शंभरपट मोठं विवर इथनं पश्चिमेला, मेरिदा शहराच्या बाजूला जमिनीखाली गाडलंय. साडेसहा कोटी वर्षांपूर्वी उल्का पडली ना, डायनासोर गेले म्हणतात ती. त्या विवराच्या कडेनं सेनोतेंची माळच्या माळ लागते. आणि गंमत बघा, आपल्या दख्खनचा लाव्हा वाहत होता तोही त्याच सुमाराला." सहा खेपा मी "उल्का इथंच पडली" हे वाक्य माईकवर टाकत आले. सह्याद्रीशी त्याची गाठ कुणी घालून दिली नव्हती.

गाइडलाही आता घाई नव्हती. त्याने गावाच्या नावाची फोड केली : 'चि' म्हणजे तोंड, 'चेन' म्हणजे विहीर. इत्झा लोकांच्या विहिरीच्या तोंडाशी वसलेलं ते चिचेन इत्झा. पाऊस यावा म्हणून चाक देवाला (आपलं गाडीचं नव्हे, हा पर्जन्यदेव) या पाण्यात काय काय वाहिलं जायचं तेही त्याने सांगितलं. सोनं, जेड, धूप, आणि माणसं, त्यांत मुलंही. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला एडवर्ड थॉम्पसन नावाच्या अमेरिकन माणसाने तळ उपसून काढला आणि सापडलेला ऐवज हार्वर्डच्या पीबॉडी संग्रहालयात पाठवला. त्यातला काही पुढे मेक्सिकोला परत मिळाला. मी हे मराठीत सांगत होते. मुलांचं सांगितल्यावर काका बराच वेळ पाण्याकडे बघत राहिले.

"आता काय करतात? पाऊस नाही आला तर?"

गाइड म्हणाला, गावात अजून पूजा होते. मक्याच्या शेताजवळ वेदी मांडतात, आणि वेदीच्या चार पायांशी चार मुलगे बसवतात. मुलांनी बेडकासारखं ओरडायचं. तो आठ वर्षांचा असताना एका पायाशी बसला होता. त्याने गळा फुगवून तो आवाज काढून दाखवला.

मी भाषांतर करायच्या आतच काकांनी उत्तर दिलं. तसाच आवाज, थोडा घोगरा. मग मला म्हणाले, "सांग त्याला, मी धोंडी झालो होतो."

धोंडी म्हणजे काय हे एका माया माणसाला इंग्रजीत समजावणं माझ्या नोकरीत कुठं लिहिलेलं नव्हतं. 1972 चा दुष्काळ. अंगाला लिंबाचा पाला बांधलेला नऊ वर्षांचा पोरगा, काठीला बांधलेला बेडूक, मागे गावची पोरं. दारोदार जायचं, बायांनी घागरीने पाणी ओतायचं, की पाऊस येतो. "पण त्या साली पाणी कुठं होतं? बाया दारात यायच्या आणि बोटं बुडवून चार थेंब उडवायच्या. एका म्हातारीनं नुसता ओला हात फिरवला डोक्यावरनं. घरी आलो तर पाला कोरडाच."

हे सगळं मी इंग्रजीत सांगितलं. गाइडने टोपी काढली, डोक्यावर हात फिरवला आणि परत घातली. "पाऊस आला का?" एवढंच त्याने विचारलं.

"त्या साली नाही."

फाटकाशी परतलो तेव्हा एक वाजून गेला होता. स्वागत कसं झालं असेल ते सांगायला नको. एक गृहस्थ म्हणाले, "आम्हाला काय इथं बळी द्यायला बसवलंय का?" काकांनी हात जोडले. मी माईक घेऊन चूक माझी आहे हे सांगितलं. त्याने राग कमी झाला नाही. फक्त काकांवरून माझ्याकडे वळला, आणि ते योग्यच होतं.

इक किल या पोहायच्या सेनोतेला तो राग पाण्यात गेला. आधी शॉवर सक्तीचा, सनस्क्रीन धुऊन काढायचं, मग लाइफ जॅकेट, मग दगडी जिना उतरत खाली. वरून वेलींच्या मुळ्या दोरखंडासारख्या थेट पाण्यापर्यंत लोंबतात आणि मधोमध आभाळाचा गोल तुकडा दिसतो. पाणी गार आणि चांगलंच खोल, काळे मासे फिरतात. वैतागलेले गृहस्थ सगळ्यांत आधी आत शिरले आणि सगळ्यांत मोठ्याने ओरडले.

काकांना जॅकेट पसंत नव्हतं. "आम्ही पाठीला डबा बांधून शिकलो, डबा सुटला की पोहता आलं." पण नियम म्हटल्यावर घातलं. एकदा पाण्यात पडल्यावर उताणे झाले, हात पसरले आणि वरच्या गोलाकडे बघत तरंगत राहिले. तोंड हलत होतं. काय म्हणत होते ते कळलं नाही.

माझं इथलं काम म्हणजे काठावर टॉवेल सांभाळत मोजणं. सात खेपा तेच. मला पोहता येत नाही, हे ग्रुपला कळू देत नाही, धंद्याला बरं नसतं. काका कधीतरी पायरीपाशी आले आणि म्हणाले, "तुम्हाला येत नाही ना?" मी नुसती हसले. "मग पाय तरी बुडवा. पाणी वर आलंय, तुम्ही खाली येत नाही."

बूट काढून शेवटच्या पायरीवर बसले. गुडघ्यापर्यंत पाय सोडले. काही क्षण मोजणी चुकली, बारा की तेरा कळेना, परत पहिल्यापासून सुरू केलं.

निघताना बसच्या दाराशी गाइड उभा होता. मी मराठीत मोजत होते, तो माझ्यामागून मायात : हुन, का, ओश, कान. चारनंतर मी त्याच्या आकड्यांत अडखळले, तो माझ्या. काका शेवटी चढले, केस ओले, फोन खिशात बंद करून ठेवलेला.

चौतीस.

वायादोलिद गाळावं लागलं. रात्री ऑफिसला पाठवायच्या अहवालात एक रकाना असतो, कार्यक्रम रद्द झाल्याचं कारण. तिथं मी लिहिलं, 'वेळेतला फरक : एक तास. जबाबदार : टूर मॅनेजर.' त्याखाली पुढच्या खेपांसाठी सूचनांचा रकाना होता. तिथं पवित्र सेनोतेसाठी चाळीस मिनिटं वाढवून मागितली. ती अजून मंजूर झालेली नाहीत.