आमची वाटचाल : व्हॅक्यूम पंप, लीक डिटेक्टर आणि नाशिकचे हंगाम

नाशिकमध्ये एसी आणि कोल्ड स्टोरेजच्या मेकॅनिक मंडळींची हत्यारं तपासून, दुरुस्त करून देणारं आमचं छोटं वर्कशॉप आहे. सुरुवात सुटे भाग विकण्यापासून झाली. तांब्याची नळी, फ्लेअर नट, कपॅसिटर, गॅसच्या टाक्या, एवढाच माल. तेव्हा जिकडेतिकडे आर-२२ गॅसचे एसी होते आणि गॅस भरण्याआधी नळीतली हवा आणि ओल ओढून काढणारा व्हॅक्यूम पंप ही चैन समजली जायची. थोडा गॅस सोडून नळीतली हवा बाहेर ढकलायची आणि चार्जिंग करून मोकळं व्हायचं. लिकेजसाठी साबणाचा फेस, नाहीतर हॅलाइड टॉर्च. गॅस लागला की ज्योत हिरवी. हे चालून जायचं, कारण आर-२२ सोबत कॉम्प्रेसरमध्ये असणारं मिनरल ऑइल ओल फारशी धरत नाही आणि ज्योत हिरवी करणारं क्लोरीन त्या गॅसमध्येच होतं.

आर-४१०ए आणि त्यामागून आर-३२ आल्यावर दोन्ही सवयी निकालात निघाल्या. या गॅससोबत येणारं पीओई हे सिंथेटिक तेल हवेतली ओल ओढून घेतं, त्यातून अ‍ॅसिड तयार होतं आणि कॉम्प्रेसरचं वाइंडिंग जातं. एकदा तेलात मुरलेली ओल व्हॅक्यूमनेही धड निघत नाही. सिस्टीममधला ओल शोषणारा ड्रायर बदलावा लागतो. नव्या गॅसमध्ये क्लोरीन नाही, त्यामुळे टॉर्च आंधळा. त्यात आर-३२ पेट घेणारा, म्हणजे ज्योत घेऊन लिकेज शोधणं हा निव्वळ मूर्खपणा. साहजिकच प्रत्येकाच्या बॅगेत पंप, मायक्रॉन गेज (व्हॅक्यूम किती खोल गेलं ते दाखवणारा; आकडा जितका कमी तितकं चांगलं) आणि इलेक्ट्रॉनिक डिटेक्टर आला, आणि आमच्या काउंटरवर ‘पंप ओढत नाही’ ही तक्रार आली. माल ठेवायच्या कपाटांपैकी बरीच जागा मग टेस्ट बेंचने घेतली.

या बेंचवर काम करता करता एक गोष्ट पक्की झाली, ती आम्ही प्रत्येक गिऱ्हाइकाला सांगतो: व्हॅक्यूम उतरत नसेल तर एसीला दोष देण्याआधी पंपापासून सुरुवात करा. पंपाच्या तोंडावर मायक्रॉन गेज थेट बसवा, मध्ये होज नको, मॅनिफोल्ड (गेज आणि व्हॉल्व्ह बसवलेला ठोकळा) नको. चांगला टू-स्टेज पंप ताज्या तेलावर काही मिनिटांत १०० मायक्रॉनच्या खाली, धडधाकट असेल तर ५० च्या आसपास यायला हवा. आला, तर पंप ठीक. आता होज जोडा आणि गेज तिच्या दुसऱ्या टोकाला लावा. आकडा ४०० वर अडकला तर लिकेज होजमध्ये आहे. मग मॅनिफोल्ड, मग सर्व्हिस व्हॉल्व्हमधली पिन काढायचा टूल. एकेक तुकडा वाढवत गेलं की चोर सापडतोच. ‘पंप खराब’ म्हणून आलेल्या पंपाचं दुखणं बऱ्याचदा होजच्या टोकातला दबलेला, चिरलेला वायसर असतो. तो प्रत्येक सीझनला बदलायचा. ओ-रिंगला व्हॅक्यूम ग्रीसचा पातळ हात द्यायचा. फ्लेअरवर, म्हणजे नळीचं तोंड पसरवून केलेल्या जोडावर, टेफ्लॉन टेप गुंडाळू नका. फ्लेअरमध्ये धातूवर धातू बसून सील होतं, टेपमुळे ते बसतच नाही.

होजच्या जाडीवर थोडं बोलायला हवं, कारण मोठा पंप घेण्याचा हट्ट इथेच फोल ठरतो. दीड-दोन टनाच्या स्प्लिटला ३ ते ५ सीएफएमचा (मिनिटाला तितके घनफूट हवा ओढणारा) पंप पुष्कळ झाला. त्याला पाव इंची होज लावून, सर्व्हिस व्हॉल्व्हमधली पिन तशीच ठेवून ८ सीएफएमचा पंप लावला तरी वेळ फारसा वाचत नाही, कारण वाटच अरुंद आहे. होजचा आतला व्यास दीडपट केला की वाट तिपटीहून जास्त मोकळी होते. तीन अष्टमांश इंचाची आखूड व्हॅक्यूम होज आणि पिन काढायचा टूल, एवढ्याने छोटा पंपही धावतो.

आता हंगाम. मुंबई-पुण्याचा मेकॅनिक फेब्रुवारीत जागा होतो. आपल्याकडे त्याआधी द्राक्षं येतात. जानेवारीपासून पिंपळगाव, निफाड, दिंडोरीकडची प्री-कूलिंग युनिट आणि शीतगृहं दिवसरात्र चालतात. तिथे खोली बंद पडणं म्हणजे माल खराब होणं, त्यामुळे त्यांची तयारी दिवाळी उरकली की सुरू होते. त्यानंतर मार्चपासून घरगुती स्प्लिट. सातपूर-अंबडच्या कारखान्यांतले इलेक्ट्रिक पॅनेल थंड ठेवणारे पॅनेल एसी बारा महिने डोकं खातात, त्यांना हंगाम नाही. आमचं तपासणीचं वेळापत्रक या क्रमाने बसलं आहे.

थंडीतला पहिला त्रास पंप सुरू होताना. निफाडच्या पट्ट्यात पहाटे पारा खाली गेला की पंपाचं तेल घट्ट होतं, मोटार गुणगुणते आणि ट्रिप होते. पंपाचं तोंड हवेला उघडं ठेवून आधी सुरू करा, मिनिटभर चालू द्या, तेल सैल झालं की मग सिस्टीमला जोडा. तरी उचलत नसेल तर स्टार्ट कपॅसिटर तपासा. वाड्या-वस्तीवर व्होल्टेज आधीच पडलेलं असतं, त्यात लांब बारीक एक्स्टेन्शन वायर म्हणजे दुष्काळात तेरावा महिना. अडीच चौरस मिलिमीटरची वायर वापरा आणि पंपाच्या प्लगवरच व्होल्टेज मोजा, बोर्डावर नाही.

दुसरा त्रास नायट्रोजन टेस्टचा, म्हणजे नळीत दाबाने नायट्रोजन भरून लिकेज बघायचा. संध्याकाळी २८ अंशांत ४०० पीएसआय ठेवून गेलात आणि सकाळी १० अंशांत गेज ३७५ दाखवत असेल, तर ते लिकेज नाही. थंड झाल्यावर वायूचा दाब उतरतोच. साधारण ३ अंशांना १ टक्का धरा. प्रेशर ठेवताना गेजचा फोटो काढा आणि नळीचं तापमान लिहून ठेवा. हिवाळ्यात या एका हिशोबाअभावी सुस्थितीतल्या जोडण्या कापल्या जातात. टेस्ट कायम कोरड्या नायट्रोजनने आणि रेग्युलेटर लावूनच. ऑक्सिजनचा बाटला या कामाला कधीही नाही, तेलाशी गाठ पडली की स्फोट होतो.

आणखी एक गोष्ट खास आपल्या उंचीची. नाशिक समुद्रसपाटीपासून सुमारे ६०० मीटर उंच, त्यामुळे इथे हवेचाच दाब कमी. मॅनिफोल्डचा निळा गेज हवेच्या तुलनेत मोजतो, म्हणून पूर्ण व्हॅक्यूम झालं तरी तो पाऱ्याच्या २८ इंचांच्या आसपास थांबतो. ३० वर काटा यायची वाट पाहत कितीतरी पोरं पंप तापवत बसतात. वर ‘पंप कमजोर झाला’ म्हणून घेऊन येतात. त्या काट्यावर व्हॅक्यूम ठरवूच नका. मायक्रॉन गेजला उंचीशी देणंघेणं नाही.

मायक्रॉन गेज मात्र नाजूक. त्याच्या सेन्सरवर पंपाचं तेल गेलं की आकडे खोटे येतात. गेज नेहमी उभा, सेन्सर वरच्या बाजूला राहील असा लावा आणि पंपापासून जमेल तितका लांब, सिस्टीमच्या बाजूला. धुवायचा तर तोंडात आयसोप्रोपिल अल्कोहोलचे थोडे थेंब टाका, हलकेच फिरवा, ओता, दोन-तीनदा करा आणि पूर्ण सुकू द्या. कापसाची काडी आत घालू नका. आतली तार केसाएवढी बारीक असते, तुटली की गेज भंगारात.

पावसाळ्यात सगळं तेलावर येतं. इगतपुरी-त्र्यंबकच्या पावसात उघडी राहिलेली नळी ओढायला घेतली की पंपाचं तेल ताकासारखं पांढरट होतं. त्यात पाणी मिसळलंय. असं तेल खोल व्हॅक्यूम देणारच नाही, कारण त्यातलं पाणीच वाफ होऊन आकडा वर धरून ठेवतं. २५ अंशांना पाण्याचा बाष्पदाब सुमारे २३,८०० मायक्रॉन असतो. ५०० पर्यंत जायचं तर तेल कोरडंच हवं.

तेल बदलायची पद्धत अशी. पंप पाच-दहा मिनिटं चालवून तेल कोमट करा. बंद करा, प्लग काढा, ड्रेन उघडा आणि पंप ड्रेनच्या बाजूला कलता करून शेवटचा थेंबही निथळू द्या. थोडं ताजं तेल टाकून काही सेकंद फिरवा, तेही काढा. गढूळच निघालं तर पुन्हा तसंच. मग काचेवरच्या खुणेपर्यंत भरा. छोट्या पंपात २५० ते ३५० मिली बसतं, पण माप बाटलीवर नाही, खुणेवर. कमी भरलं तर सील होत नाही, जास्त भरलं तर एक्झॉस्टमधून उडतं. तेल व्हॅक्यूम पंपाचंच. कॉम्प्रेसरचं किंवा गाडीचं तेल टाकलं तर पंप फिरेल, पण व्हॅक्यूम खोल जाणार नाही. सीझनमध्ये आठवड्याला तेल बदला. जळालेला कॉम्प्रेसर ओढला असेल तर त्याच दिवशी. जुनं तेल गटारात नको, डब्यात साठवून वापरलेलं तेल घेणाऱ्या अधिकृत माणसाला द्या.

गॅस बॅलास्ट नावाचा छोटा स्क्रू पंपावर असतो आणि बहुतेकांनी तो जन्मात उघडलेला नसतो. ओली सिस्टीम असेल तर सुरुवातीला तो उघडा ठेवा. थोडी हवा आत येऊन वाफेला तेलात पाणी न होता बाहेर काढते. काही हजार मायक्रॉनवर आलात की बंद करा. फारच ओल असेल तर २,००० च्या आसपास आणून कोरडा नायट्रोजन सोडायचा, पुन्हा ओढायचं, पुन्हा सोडायचा आणि तिसऱ्या फेरीत ५०० च्या खाली जायचं. व्हॉल्व्ह बंद करून दहा मिनिटं गेज बघा. १,००० च्या आत राहिला तर काम झालं. वर चढून एका जागी थबकला तर ओल शिल्लक आहे. न थांबता चढतच राहिला तर लिकेज. पंप बंद करण्याआधी व्हॉल्व्ह बंद, हा क्रम कधी उलटा नको, नाहीतर पंपाचं तेल थेट एसीत.

डिटेक्टरचं दुखणं निराळं. तो चालतो का बघायला टाकीचा व्हॉल्व्ह उघडून टोकावर गॅसचा झोत मारायची सवय घराघरात आहे. तापलेल्या डायोडचा सेन्सर यानेच लवकर मरतो. तपासायला ठरावीक गळतीची कुपी मिळते, वर्षाला ५ ग्रॅम वगैरे; तिचीही मुदत असते, बघून घ्या. टोकातला फिल्टर काळा किंवा ओला दिसला की बदला, फिल्टरशिवाय वापरू नका, पाण्याचा एक थेंब पुरे. म्हणून क्रम असा: आधी डिटेक्टर, मग साबण; साबण लावलेल्या जागी डिटेक्टर टेकवायचा नाही. पंखा बंद करा, टोक जोडापासून पाच-सात मिलिमीटरवर ठेवून सेकंदाला दोन-तीन सेंटिमीटर इतक्या संथ न्या, आणि जोडाच्या खालच्या अंगाला जास्त रेंगाळा, कारण हे गॅस हवेपेक्षा जड. इन्फ्रारेड सेन्सर जास्त टिकतो, पण महाग. रिकाम्या हंगामात सेल काढून ठेवा. मे महिन्यात डिकीत तापलेल्या डिटेक्टरमध्ये फुटलेले सेल ही आमच्याकडची नेहमीची केस आहे. आर-३२ आणि आर-२९० (प्रोपेन) या पेट घेणाऱ्या गॅससाठी डिटेक्टर त्या गॅससाठी प्रमाणित असेल तरच हातात घ्या. जुने कोरोना पद्धतीचे, म्हणजे टोकाशी विजेचा डिस्चार्ज करणारे डिटेक्टर तिथे न्यायचे नाहीत, ठिणगीचा प्रश्न आहे. पंपाच्या स्विचलाही तोच नियम. मोठ्या शीतगृहांत अमोनिया असतो; तिथे ही हत्यारं निरुपयोगी, ते काम त्यातल्या जाणकारांचं.

खंडेनवमीला सगळे हत्यारं पुसून मांडतात, तो दिवस तेलबदलासाठी झकास. पावसाळा सरलेला असतो, द्राक्षं यायची असतात. फक्त हळदकुंकू वाहण्याआधी पंपाच्या तोंडाला टोपी लावा. हे गमतीत लिहिलेलं नाही. पात्यांशी कुंकवाचा लगदा झालेले पंप येतात.

तपासून दिलेल्या प्रत्येक पंपाला आम्ही चिठ्ठी बांधतो: तारीख, थेट तोंडावर मिळालेला मायक्रॉनचा आकडा, कपॅसिटरची मोजलेली क्षमता आणि तेल कोणतं घातलं. पुढच्या खेपेला आकडा किती वर चढला ते त्यावरून कळतं. पाती, सील, ओ-रिंग, एक्झॉस्ट फिल्टर, उलटं तेल रोखणारा व्हॉल्व्ह बदलून देतो. आतल्या सिलिंडरला ओरखडे असतील तर दुरुस्ती घेत नाही, नवा घ्या म्हणून सांगतो. घासून दिलेला पंप चार दिवस बरा वाटतो.

पंप आणताना अ‍ॅक्टिव्हाच्या पुढे उभाच ठेवा, आडवा पडला की तेल एक्झॉस्टमधून सांडतं. आणि घरून तेल बदलून, पुसून चकचकीत करून आणू नका. जसा साइटवरून उतरला तसा, त्याच तेलासकट आणि ज्या होजवर काम करता त्या होजसकट आणा. तेलाचा रंग आणि वास बघून निम्मं निदान काउंटरवरच होतं, उरलेलं होजच्या वायसरमध्ये सापडतं.