डेझर्ट पीच्या कुचर बिया

‘बिया गरम पाण्यात रात्रभर भिजवा आणि पेरा.’ पाकिटावर एवढंच. हे छापणाऱ्याने स्वतः कधी ही बी पेरली असेल का, अशी शंका मला आजही येते.

मी ॲडलेडमध्ये राहते. स्टर्ट्स डेझर्ट पी हे आमच्या साउथ ऑस्ट्रेलियाचं १९६१ पासून राज्यफूल. लालभडक पाकळ्या आणि मधोमध काळाकुळकुळीत चकचकीत फुगवटा. वेल म्हणावा तर चढत नाही, जमिनीलाच धरून दीड-दोन मीटर पसरतो. पोर्ट ऑगस्टाच्या एरिड लँड्स बोटॅनिक गार्डनमध्ये पाहिला आणि आपल्या अंगणात हवाच असं झालं. विल्यम डॅम्पियर या इंग्रज दर्यावर्दीने १६९९ मध्ये तिकडे पश्चिम ऑस्ट्रेलियाच्या बेटांवर याचे नमुने गोळा केले होते, नाव मात्र लागलं मागाहून आलेल्या चार्ल्स स्टर्ट या शोधप्रवाशाचं. असो. रानातून उपटून आणायचं मनातही आणू नका. सरकारी जमिनीवर परवाना लागतो, आणि मुळाला धक्का लागला की हे झाड तसंही जगत नाही. बी विकत मिळतं.

तर बी. चपट्या, लहानशा बिया. रात्री गरम पाण्यात टाकल्या, सकाळी पाहिलं तर जशाच्या तशा. पाणी बदललं, आणखी कढत घातलं, पुन्हा तेच. तरी पेरल्या. रोज उठून कुंडी बघायची आणि चहा प्यायचा. दुकानाला ईमेल केली, तर उत्तर आलं की वाळवंटातलं झाड आहे, धीर धरा. धीर धरायला माझी ना नव्हती, पण तो कशासाठी धरायचा ते तरी सांगा! कुंडीतली माती चाळली तेव्हा बिया तशाच टणक, कुजल्याही नव्हत्या.

गाठ सोडवली ती आईने, सोलापुरातून, व्हिडिओ कॉलवर. “अगं, कुचर आहेत त्या. मटकीत नाही का राहत दोन-चार, बाकीच्यांना मोड येतात नि त्या दगडासारख्या?” खरंच की! हे झाडही शेंगेचंच, वाटाण्या-मटकीच्या कुळातलं. या बियांच्या सालातून पाणी आत शिरतच नाही. रखरखीत रानात एखाद्या भुरभुर सरीने सगळ्याच उगवल्या तर सगळ्याच करपतील, म्हणून त्या वर्षानुवर्षं वाळूत पडून राहतात. साल झिजेल तसतशा थोड्या थोड्या उगवतात. गरम पाण्याने काहींचं साल सुटतं, काहींचं नाही. माझ्या पाकिटात बहुतेक ‘नाही’वाल्याच भरल्या होत्या.

उपाय नेलकटरचा. बी शेंगेला जिथे चिकटलेली असते तो डोळा सोडून विरुद्ध बाजूला साल किंचित कापायचं, आतला फिकट रंग दिसला की थांबायचं. चिमट्यात धरा, नाहीतर उडते. मग कोमट पाण्यात. सकाळी टम्म फुगलेल्या दिसल्या तेव्हा मी स्वयंपाकघरात एकटीच ओरडले. ज्या फुगल्या नाहीत त्यांना पुन्हा एक टवका. सँडपेपरवर घासूनही चालतं, पण नेलकटरमध्ये नेमकं काय कापलं ते दिसतं.

पुढचं फार अवघड नाही. काही दिवसांत कोंब आले. एक मात्र आधीच सांगायला हवं होतं: नंतर उपटून दुसरीकडे लावायचं नाही, मूळ सरळ खोल जातं. टॉयलेट रोलच्या पुठ्ठ्याच्या नळीत पेरा आणि नळीसकट जमिनीत उतरवा. आमची माती चिकण, म्हणून मी पीव्हीसीच्या रुंद पाइपचा तुकडा उभा पुरून त्यात भरड वाळूचं मिश्रण भरलं. पाणी बुडाशीच घालायचं. पानं लवदार असतात, ओली राहिली की बुरशी धरते. म्हणूनच पेरणी इथला हिवाळी पाऊस ओसरल्यावर, सप्टेंबरनंतर करा.

बहिणीने पुण्याला बिया मागितल्यात. भारतात बी न्यायचं तर आयात परवाना आणि इथलं फायटोसॅनिटरी सर्टिफिकेट, म्हणजे बी रोग-किडीपासून मुक्त असल्याचा सरकारी दाखला, हवा. पाकिटानेच एवढं दमवलं, आता फॉर्म कोण भरणार? तिला फोटो पाठवले.

आणि हो, गोगलगायी. कोवळं रोप त्या रातोरात बुडापर्यंत फस्त करतात. पहिले काही आठवडे झोपायच्या आधी टॉर्च घेऊन एक चक्कर माराच.